वाक्याचा कर्ता कोण?

दिनांक 31 जुलै 2025 रोजी मुंबईच्या विशेष न्यायालयाने 2008 सालच्या मालेगाव स्फोटाच्या खटल्यातील सातही आरोपींस निर्दोष ठरवून सोडून दिले. दहशतवादास धर्म नसतो, असेही न्यायाधीशांनी निकाल देताना बोलून दाखविले. उद्गार उचित होते, आणि अनेक पत्रांनी ते ठळक अक्षरांत छापिले. परंतु त्यानंतर जो वाद माजला, तो मात्र धर्माचाच. कोणत्या धर्मावरील डाग धुतला गेला, कोणत्या पक्षाने तो लाविला होता, आता क्षमा कोणी कोणाची मागावी, याचा काथ्याकूट पुष्कळ झाला. त्या रात्री जी सहा माणसे मेली, ती कोणी मारिली, हा साधा प्रश्न त्या गोंगाटात कोणास ऐकू आला नाही. असे का व्हावे, याचा विचार करू लागले असता त्याचे एक कारण आम्हांस आमच्याच धंद्यात सापडते, आणि ते आज आम्ही वाचकांपुढे ठेवीत आहो.

मालेगाव हे नाशिक जिल्ह्यातील यंत्रमागांचे गाव. मोसम नदीच्या एका तीरास मुसलमानांची वस्ती दाट, दुसऱ्या तीरास हिंदूंची. सुताचा व्यापारी बहुधा हिंदू आणि मागावर बसणारा बहुधा मोमीन विणकर. एकावाचून दुसऱ्याचे चालत नाही. या गावात शुक्रवार, दिनांक 8 सप्टेंबर 2006 रोजी, शब-ए-बरातच्या दिवशी, जुम्म्याचा नमाज आटोपून लोक बाहेर पडत असता कब्रस्तानाच्या आवारात स्फोट झाले व तीसहून अधिक माणसे मेली. त्यांत लहान मुलेही होती. राज्याच्या दहशतवादविरोधी पथकाने नऊ मुसलमान इसमांस पकडिले. पुढे तपास मध्यवर्ती यंत्रणांकडे गेला, त्याची दिशा बदलली, पाच वर्षांनी त्यांपैकी सात जण जामिनावर सुटले, आणि 25 एप्रिल 2016 रोजी न्यायालयाने त्यांना आरोपमुक्त केले. मध्यंतरी, 29 सप्टेंबर 2008 रोजी, रमझानच्या महिन्यात, भिक्कू चौकात मोटारसायकलीवर ठेविलेल्या बॉम्बचा स्फोट होऊन सहा जण ठार व सुमारे शंभर जखमी झाले. या वेळी तपासाचे बोट हिंदू आरोपींकडे वळले. त्यांची सुटका झाली ती, वर सांगितल्याप्रमाणे, सतरा वर्षे उलटत आली तेव्हा. मृतांच्या नातलगांनी त्या निकालाविरुद्ध उच्च न्यायालयात दाद मागितली. परंतु निकालाच्या त्या दिवसापर्यंत या दोन्ही स्फोटांत एकाही मनुष्यावर गुन्हा शाबीत झालेला नव्हता, ही गोष्ट वाचकांनी नीट ध्यानात घ्यावी.

आता या काळात आम्ही वृत्तपत्रकारांनी काय केले, ते पाहू. पहिल्या अटकेनंतर 'इस्लामी दहशतवाद' हा शब्द निःशंकपणे छापला गेला, आणि मालेगाव या गावाचे नाव जणू एखाद्या टोळीचे नाव असावे तसे योजिले गेले. दुसऱ्या अटकेनंतर 'हिंदू दहशतवाद' व 'भगवा दहशतवाद' हे शब्द निघाले. 2010 साली खुद्द केंद्रीय गृहमंत्र्यांनी पोलीस अधिकाऱ्यांच्या परिषदेत यांतला दुसरा शब्द उच्चारिला, तेव्हा तर त्यावर राजमान्यतेचा शिक्का बसला. प्रथम शब्दाने ज्यांस समाधान वाटले ते दुसऱ्याने संतापले, आणि दुसऱ्याने ज्यांस बरे वाटले त्यांस पहिल्याची आठवण बोचत होती. दोन्ही शब्दांची घडण एकच, दोष एकच. माणसाचे कृत्य उचलून ते धर्माच्या पदरी बांधावयाचे, आणि हे कृत्य त्या माणसाने केले की नाही याचा निवाडा होण्यापूर्वीच बांधावयाचे!

शाळेत व्याकरण शिकविताना गुरुजी पहिला प्रश्न विचारतात, वाक्यात कर्ता कोण? आमच्या मथळ्यांस हाच प्रश्न विचारून पाहावा. 'अमक्या इसमास अमक्या आरोपावरून अटक' या वाक्यात धर्म कोठेच नाही. 'अमक्या धर्माचा कट उघडकीस' या वाक्यात इसम कोठेच नाही. दोन्हींखालील मजकूर एकच असू शकेल, पण वाचणाऱ्याच्या मनावर उमटणारा ठसा एक नव्हे. पहिले वाक्य वाचून तो न्यायालयाच्या निकालाची वाट पाहतो. दुसरे वाचून तो शेजाऱ्याच्या दाराकडे पाहतो.

आमच्या व्यापारी वाचकांस ही गोष्ट खतावणीच्या दृष्टांताने लवकर पटेल. एका कुळाच्या नावे पडलेली रक्कम मुनीमाने नजरचुकीने त्याच्या साऱ्या भाऊबंदांच्या खात्यावर मांडिली, तर पेढीत केवढा कल्लोळ उडेल! चूक ध्यानात येताच ती नोंद उलटवावी लागते, आणि तीही त्याच वहीत, जेथे चुकली तेथेच. वृत्तपत्रांच्या वहीत मात्र एका इसमाच्या नावे मांडावयाची रक्कम सबंध समाजाच्या नावे पडते, आणि पुढे तो इसम सुटला तरी समाजाचे खाते तसेच उघडे राहते. अटकेची बातमी पहिल्या पानावर चार स्तंभ रुंद. सुटकेची बातमी आतल्या पानावर चार ओळी. तुमच्या काट्यावर व मापांवर सरकारी शिक्का असतो व खोट्या वजनास दंड होतो. आमचे माप म्हणजे शब्द. त्यावर शिक्का मारणारा निरीक्षक नाही, आणि म्हणूनच ते आम्ही आपण होऊन तपासले पाहिजे.

'चोर सोडून संन्याशाला सुळी' अशी आपल्याकडे म्हण आहे. तिच्या दुसऱ्या अर्ध्याकडेच आपले लक्ष जाते, कारण संन्याशाची कीव येते. परंतु पहिले अर्ध अधिक महत्त्वाचे आहे: चोर सुटला! धर्म हा वाक्याचा कर्ता झाला, की एका बाजूचे सारे लोक त्या धर्माच्या बचावास धावतात व दुसऱ्या बाजूचे त्याच्या निंदेस. आणि पुरावा कोणी गोळा केला, कसा केला, साक्षीदार का उलटले, निरपराध मनुष्य धरला गेला असेल तर त्याचा जाब कोणी द्यावयाचा, हे विचारण्यास कोणी मोकळा उरत नाही. मालेगावात नेमके हेच झाले, असे आमचे मत आहे. मेलेल्यांच्या आप्तांस कोणाच्या धर्माची बेअब्रू नको होती. त्यांस गुन्हेगार हवा होता. तो त्यांस मिळाला नाही.

हा दोष मालेगावापुरता नाही. 2020 सालच्या मार्चअखेर दिल्लीच्या निजामुद्दीन येथे तबलिगी जमातीच्या मरकजमध्ये रोगाचा फैलाव आढळला. साथीच्या दिवसांत मोठा जमाव एकत्र ठेवणे शहाणपणाचे नव्हे, मग तो कोणत्याही पंथाचा असो, एवढे म्हणण्याचा अधिकार सर्वांस होता. परंतु काही पत्रांनी व दूरचित्रवाणीच्या वाहिन्यांनी रोगास 'जिहाद' हा शब्द जोडिला, आणि पुढे कित्येक गावांतून मुसलमान भाजीवाल्यास गल्लीत येऊ देईनात. कोणत्याही समाजास रोगाचे दूषण देऊ नये, अशी सूचना 8 एप्रिल रोजी केंद्राच्या आरोग्य खात्यास काढावी लागली. त्याच महिन्याच्या 16 तारखेस पालघर जिल्ह्यातील गडचिंचले येथे चोर आल्याच्या अफवेवरून जमावाने दोन साधूंना व त्यांच्या गाडीचालकास ठार केले; तेव्हाही खुनाचा धर्म शोधण्याची अशी घाई झाली, की अटक केलेल्या 101 जणांत एकही मुसलमान नाही, असे राज्याच्या गृहमंत्र्यांस जाहीर करावे लागले. मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने 21 ऑगस्ट 2020 रोजी तबलिगी जमातीच्या 29 परदेशी इसमांवरील गुन्हे रद्द केले, त्यांना बळीचा बकरा करण्यात आल्याचे नमूद केले, आणि त्यांच्याविरुद्ध वृत्तपत्रांतून व वाहिन्यांवरून झालेल्या मोठ्या प्रचारावर स्पष्ट शब्दांत ठपका ठेविला. दिल्लीच्या उच्च न्यायालयाने 70 भारतीयांवरील 16 खटले रद्द केले ते 17 जुलै 2025 रोजी, म्हणजे पाच वर्षांनी. भाजीवाल्याची त्या उन्हाळ्यातील बुडालेली कमाई कोणत्या निकालाने परत येणार?

यावर आमचे काही वाचक म्हणतील, की मग खरे कारण दडवावयाचे काय? खुनी मनुष्य धर्माचे नाव घेऊन खून करीत असेल, तर ते लिहू नये काय? अवश्य लिहावे, परंतु त्याने तसे म्हटले, असे लिहावे, आणि ते कोणत्या पुराव्यावरून, हेही लिहावे. दडविण्याच्या आम्ही विरुद्धच आहो. दंग्याच्या बातमीत 'विशिष्ट समाजाचे लोक' असे लिहिण्याचा जो परिपाठ पडला आहे, त्याने काहीही दडत नाही. वाचक मोहल्ल्याचे नाव पाहून उलगडा करतो, आणि अमुक समाजाचे नाव उघड घेण्याचीही सोय राहिली नाही, असा नवाच संशय मनात बाळगतो. माणसांची नावे, कृत्ये व आरोप सांगावे. समाजास नाव घेऊन अथवा न घेता पिंजऱ्यात उभे करू नये, एवढेच आमचे म्हणणे आहे.

दुसरी गोष्ट शब्दांच्या अर्थाची. 'फतवा' म्हणजे मुफ्तीने विचारलेल्या प्रश्नावर दिलेले मत. ते कोणावर बंधनकारक नाही व त्यास कायद्याचे पाठबळ नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने 2014 साली स्पष्ट केले. आपल्या मराठी पत्रांत मात्र कोणत्याही पुढाऱ्याच्या मनमानी हुकुमास 'फतवा' म्हणण्याची रूढी आहे. त्यामुळे खरोखरीच्या फतव्याची बातमी आली, की वाचकास तो कोट्यवधी मुसलमानांवर सुटलेला हुकूमच वाटतो. शब्द आधी झिजतो, मग समज झिजते.

आम्ही धर्मचिकित्सेचे पक्षपाती आहो. रूढीवर, ग्रंथवचनांवर, धर्मगुरूंच्या सत्तेवर टीका झालीच पाहिजे, आणि ती कोणत्याही धर्माच्या वाट्यास आली तरी मोकळेपणी झाली पाहिजे. आगरकरांनी 1888 साली 'सुधारक' काढिला तो याचसाठी. परंतु चालीवर टीका करणे वेगळे व ती चाल ज्या लोकांत आहे त्यांवर सरसकट आळ घेणे वेगळे. हमीद दलवाई यांनी 1966 साली तोंडी तलाकाविरुद्ध सात मुसलमान स्त्रियांचा मोर्चा मुंबईच्या विधिमंडळावर नेला व 1970 साली पुण्यास मुस्लिम सत्यशोधक मंडळ स्थापिले. अशा माणसास आतून विरोध होतोच. बाहेरची पत्रे जेव्हा त्याच्या सबंध समाजास एकाच काळ्या रंगाने माखतात, तेव्हा त्याच्या विरोधकांच्या हाती आयते शस्त्र जाते, की हा शत्रूची भाषा बोलतो. सरसकट निंदेने सुधारकाचे हात दुबळे होतात व कर्मठाचे बळकट होतात; हिंदू समाजासही हा न्याय तंतोतंत लागू आहे.

उपाय अवघड नाही. संशयित, आरोपी व दोषी या तीन शब्दांतील भेद मथळ्यातही पाळावा. आरोप कोणाचा, हे आरोपाशेजारीच छापावे. ज्या पानावर व ज्या अक्षरांत अटक छापिली, त्याच पानावर व त्याच अक्षरांत सुटका छापावी. हे नियम आम्ही प्रथम आमच्यावर लादून घेतो, आणि आम्ही चुकलो तर वाचकांनी पत्र लिहून कान धरावा, अशी विनंती करतो. वाचकांचेही एक काम आहे. धर्माचे नाव असलेला मथळा दिसताच क्षणभर थांबून त्यांनी गुरुजींचा तो जुना प्रश्न विचारावा: या वाक्याचा कर्ता कोण? उत्तरादाखल एखाद्या मनुष्याचे नाव व त्याचे कृत्य हाती आले, तर पुढे वाचावे. केवळ धर्माचे नाव हाती आले, तर खरी बातमी अजून यावयाचीच आहे, असे समजावे.