गळा कापून घेता, नाव का खाता?

स्टुटगार्ट हे 1968 पासून मुंबईचं भगिनी-शहर. 2004 पासून तिथे भारतीय चित्रपट महोत्सव भरतो. जर्मनीत परदेशी चित्रपट सर्रास जर्मन आवाजात दाखवले जातात. या महोत्सवाला मात्र प्रेक्षक मूळ भाषा ऐकायला येतो. खालची अक्षरं वाचत तो तमिळ नायिकेच्या स्वरावर विश्वास टाकतो. त्या विश्वासाची फसवणूक वर्षानुवर्षं चालली आहे! चेहरा एकीचा, गळा दुसरीचा, आणि त्या दुसरीचं नाव पोस्टरवर शोधूनही सापडत नाही.

2018 चा ‘96’ हा तमिळ चित्रपट घ्या. वीज गेलेली. शाळेत असताना नायक रामने ज्या गाण्यासाठी पुन्हापुन्हा विनवलं आणि नायिका जानूने कधीच म्हटलं नाही, ते गाणं ती त्या अंधारात म्हणू लागते. जानू झालेल्या त्रिशाचं काम अव्वल, यात वाद नाही. पण त्या प्रसंगात अंधार चिरत जातो तो आवाज चिन्मयी श्रीपादाचा! गाणं तिचं, जानूचे संवादही तिचेच. चित्रपट ऑक्टोबरात लागला. त्याच महिन्यात ती लैंगिक छळाविरुद्ध जाहीरपणे बोलली. नोव्हेंबरात डबिंग संघटनेने तिचं सदस्यत्व काढून घेतलं. कारण दिलं थकलेल्या वर्गणीचं! जिचं पोट आवाजावर, तिच्या आवाजालाच कुलूप. संतापाने मुठी वळाव्यात असा हा प्रकार आहे.

ज्योतिका, सिमरन या मुंबईच्या मुली तमिळ पडद्यावर राज्य करत होत्या, तेव्हा त्यांच्या कित्येक भूमिका सविता रेड्डी बोलत होती. दोष नायिकांचा नाही. नटीला भाषा शिकायला सवड न देणाऱ्या निर्मात्यांचा आहे. सवड मिळत नाही म्हणता? 1941 च्या ‘सावित्री’साठी आमची शांता आपटे तमिळ शिकली आणि स्वतःच्या तोंडाने बोलली. 1939 मध्ये पुण्यात प्रभात फिल्म कंपनीच्या दारात उपोषणाला बसलेली हीच ती शांताबाई!

स्टुटगार्टच्या आयोजकांनी यंदापासून अट घालावी: नायिकेच्या नावाखाली, त्याच आकाराच्या अक्षरांत, आवाज देणारीचं नाव. तिथल्या मराठी मंडळींनी पहिल्या खेळाच्या चर्चेतच उठून विचारावं, बोलली कोण? आणि उत्तर मिळेपर्यंत खाली बसू नये.