घर आणि आरोग्य : अंथरुणाखाली अळ्या निघाल्या तर



पावसाळा लागला की एक तक्रार हमखास कानी येते. सकाळी अंथरूण उचलावे, तर चटईखाली पांढऱ्या अळ्या वळवळत असतात. सातपूर-अंबडच्या कामगार वस्तीत घर म्हणजे बहुधा एकच खोली. तिथेच चूल, तिथेच मोरी आणि तिथेच झोपणे. मग सासू सुनेला बोलते, "तुला झाडझूड कळत नाही." शेजारीण हळूच सुचवते, "कोणी काही केले असेल, जाणत्याला दाखवा." या दोन्हींनी अळी जात नाही, घरातली शांतता मात्र जाते.

कारणावाचून काही घडत नाही, ही तथागतांची शिकवण. अळीलाही कारण आहे. १६६८ साली इटलीतील रेडी नावाच्या वैद्याने मांसाची काही भांडी उघडी ठेवली, काहींवर जाळीचे कापड बांधले. उघड्या मांसात अळ्या झाल्या, झाकलेल्या मांसात झाल्या नाहीत. अळी माशीच्या अंड्यातून येते, हे त्याने दाखवून दिले. घरमाशी एका खेपेला शंभराहून अधिक अंडी घालते. उबदार दिवसांत अळी एका दिवसात बाहेर पडते आणि आठ-दहा दिवसांत तिची माशी होते. पूर्ण वाढलेली अळी ओली जागा सोडून कोरड्या, अंधाऱ्या जागी सरकते. म्हणून ती अंथरुणाखाली दिसते. तिचे मूळ दुसरीकडेच असते.

ते मूळ शोधा. आपल्या नाशिककडे गावाहून कांद्याची गोणी येते आणि खाटेखाली जाते. त्यातले चार कांदे सडले तरी पुरे. कपाटामागे किंवा माळ्यावर मेलेला उंदीर, कोपऱ्यातली कचऱ्याची बादली, बाळाचे न धुतलेले दुपटे, हेही पाहा. अळीचे डोके तपकिरी असेल, ती भिंतीवर चढत असेल, तर मात्र ती धान्यातली. गहू-तांदळाचा डबा उघडून जाळी दिसते का बघा.

मूळ सापडले की हात प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून ते उचला. उंदराला उघड्या हाताने कधी शिवू नका. पिशवी घट्ट बांधून त्याच दिवशी घंटागाडीत द्या. अळ्या केरसुणीने सुपलीत गोळा करून उकळत्या पाण्यात टाका. फरशी साबणाने घासा, मग ब्लीचिंग पावडरच्या पाण्याने पुसा. या पावडरीत संडासाचे ॲसिड मिसळू नका, त्यातून विषारी वायू निघतो. अंथरूण गरम पाण्यात धुऊन कडक उन्हात वाळवा. द्राक्षबागेतले औषध आणून घरात फवारू नका, लेकरांच्या जिवावर बेतेल. उंदरांना विष घालण्यापेक्षा पिंजरा लावा. विष खाल्लेला उंदीर अडचणीत जाऊन मरतो.

एक गोष्ट विशेष जपा. घरात अंथरुणाला खिळलेले म्हातारे माणूस असेल, किंवा मधुमेहाची पायाची जखम असेल, तर ती रोज उघडून पाहा. पाय बधिर असला की दुखत नाही आणि माशी जखमेत अंडी घालते. तिथे अळ्या दिसल्या तर रॉकेल, फिनेल ओतू नका. लाजू नका. त्याच दिवशी जिल्हा रुग्णालयात किंवा नाशिकरोडच्या बिटको रुग्णालयात न्या. मलमूत्रात पडलेल्या आजारी भिक्षूला भगवान बुद्धांनी आनंदाला सोबत घेऊन स्वतः धुतले होते. मग आपल्या माणसाची आपण किळस कशी करावी?

काही भगिनी विचारतात, पंचशील घेतले, मग अळ्या मारायच्या कशा? 'बुद्ध आणि त्याचा धम्म' या ग्रंथात बाबासाहेबांनी मारण्याची इच्छा आणि मारण्याची गरज यांतला फरक सांगितला आहे. लेकराला हगवणीपासून वाचवणे ही गरज आहे. त्याहून चांगले म्हणजे अन्न झाकून, कचरा रोजच्या रोज काढून माशीला अंडी घालायला जागाच न देणे.

आणि करणीचे म्हणाल, तर १३ ऑक्टोबर १९३५ रोजी बाबासाहेबांनी धर्मांतराची घोषणा केली ती आपल्याच जिल्ह्यातल्या येवल्यात. त्या जिल्ह्यातल्या बौद्ध घराने अळ्या निघाल्या म्हणून भगताकडे जावे काय? करणी केली असा आळ घेऊन कुणाला छळणे हा २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याने गुन्हाही आहे.

शेवटी घरातल्या पुरुषांना सांगणे आहे. कपाट सरकवणे, माळा उतरवणे हे एकट्या बाईचे काम नव्हे. येत्या सुट्टीच्या दिवशी खाट तुम्ही उचला, सुनेला दोष देण्याआधी तिच्याखाली वाकून पाहा.

जय भीम!