वार नसलेला दिवस

नवी दिनदर्शिका भिंतीवर लागली की व्यापारी घरात पहिली नजर जाते ती वार आणि तारखेच्या मेळाकडे. लक्ष्मीपूजन कोणत्या वारी आले, ३१ मार्च रविवारी तर येत नाही ना, याची चाचपणी दर वर्षी नव्याने करावी लागते. याचे कारण साध्या भागाकारात आहे. ३६५ दिवसांना सातांनी भागले असता ५२ आठवडे होतात व एक दिवस बाकी उरतो. ही बाकीच दर वर्षी वार पुढे ढकलते. लीप वर्षात ती दोन दिवसांची होते.

ही बाकी पूर्णपणे मिटवणारी एक कालगणना अस्तित्वात आहे. मात्र ती पृथ्वीवरील कोणत्याही देशाची नाही. ऑक्सफर्ड विद्यापीठातील भाषेचे प्राध्यापक जे. आर. आर. टॉल्किन यांची ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ ही कादंबरी १९५४-५५ मध्ये तीन खंडांत प्रसिद्ध झाली. तिच्या तिसऱ्या खंडाच्या अखेरीस जी परिशिष्टे आहेत, त्यांपैकी एक केवळ कालगणनेस वाहिलेले आहे. शायर या काल्पनिक प्रदेशात राहणाऱ्या, ठेंगण्या व शेतीप्रिय हॉबिट लोकांचे पंचांग त्यात तपशिलाने दिले आहे.

शायरचे बाराही महिने प्रत्येकी ३० दिवसांचे. ३६० दिवसांपलीकडचे पाच दिवस कोणत्याच महिन्यात धरलेले नाहीत. वर्षाचा शेवटचा व पहिला दिवस मिळून ‘यूल’चा हिवाळी सण होतो, सहाव्या व सातव्या महिन्यांच्या मध्ये ‘लिथ’चे तीन दिवस येतात. लीप वर्षात तेथेच आणखी एक दिवस वाढतो. हे पाचही दिवस सणाचे. हिशेबात न बसणारे दिवस लपविण्याऐवजी उत्सवाला देऊन टाकावेत, ही कल्पना मोठी प्रसन्न आहे.

पण वारांची बाकी तेवढ्याने मिटत नव्हती. पुढे दुसरा आयझनग्रिम या प्रमुखाच्या काळात हॉबिटांनी एक सुधारणा केली. वर्षाच्या बरोबर मध्यावरचा दिवस आणि लीप वर्षातील वाढीव दिवस यांना वारच द्यायचा नाही, असे ठरले. उरलेल्या ३६४ दिवसांचे नेमके ५२ आठवडे झाले. प्रत्येक वर्ष आठवड्याच्या पहिल्या दिवशी सुरू होऊन शेवटच्या दिवशी संपू लागले. एका तारखेला कायम एकच वार येत असल्याने हॉबिटांनी पत्रांत व रोजनिशीत वार लिहिणेच सोडून दिले. या रचनेत कोणताही महिना शुक्रवारी सुरू होत नाही. म्हणून कधीच न येणाऱ्या दिवसाविषयी ‘शुक्रवारी, एक तारखेला’ असे थट्टेने म्हणण्याची रीत तेथे पडली. आपला कपिलाषष्ठीचा योग दुर्मीळ खरा, पण तो निदान केव्हातरी येतो!

व्याज आकारणाऱ्या कोणासही या पंचांगाचा हेवा वाटेल. आपल्याकडे १८८१ च्या परक्राम्य संलेख कायद्याला यासाठी स्वतंत्र तरतूद करावी लागली. ३० जानेवारीची एक महिना मुदतीची वचनचिठ्ठी देय केव्हा? फेब्रुवारीला ३० तारीखच नाही. म्हणून महिन्याचा अखेरचा दिवस धरायचा व त्यापुढे सवलतीचे तीन दिवस मोजायचे. शायरमध्ये हा प्रश्न उद्भवलाच नसता.

टॉल्किन यांनी मात्र या सोयीची मर्यादाही नोंदवून ठेवली आहे. ही पद्धत हॉबिटांना घरच्या घरी सोयीची वाटे. ब्री गावाच्या पलीकडे प्रवास करणाऱ्याची मात्र तिने अडचण होई. पलीकडच्या लोकांची वारांची गणना अखंड चालू होती. एकाचा सोमवार तो दुसऱ्याचा मंगळवार!

योगायोग असा, की ज्या काळात हे परिशिष्ट छापले जात होते, त्याच काळात हाच प्रश्न खऱ्या जगापुढे उभा होता. अमेरिकेतील एलिझाबेथ अ‍ॅकेलिस यांनी १९३० मध्ये ‘जागतिक दिनदर्शिका’ मांडली होती. तीतही ३६४ दिवसांना वार होते आणि वर्षअखेरचा एक दिवस बिनवाराचा होता. भारताने ही योजना संयुक्त राष्ट्रांच्या आर्थिक व सामाजिक परिषदेपुढे नेली; ख्यातनाम शास्त्रज्ञ डॉ. मेघनाद साहा हे तिचे पुरस्कर्ते होते. गणित निर्दोष होते. तरीही धर्मनिष्ठांनी तीव्र विरोध केला. ज्यांचा शब्बाथ दर सातव्या दिवशी येतो, त्यांच्या गणनेत बिनवाराचा दिवस बसेना. त्या एका दिवसामुळे त्यांचा पवित्र वार दर वर्षी कामकाजाच्या निरनिराळ्या दिवशी सरकला असता. १९५५ मध्ये अमेरिकेने विरोध जाहीर केला आणि १९५६ मध्ये हा विषय बाजूला ठेवण्यात आला.

अष्टमी-चतुर्दशीचा उपवास पिढ्यान्‌पिढ्या पाळणाऱ्या घरांना हा विरोध हट्टाचा वाटणार नाही. व्रताचा दिवस हा हिशेबाच्या सोयीसाठी सरकवता येणारा दिवस नव्हे.

दोन्ही सुधारणांचे गणित जवळपास एकच होते. शायरमध्ये ती टिकली, कारण तेथे सर्वांनी तिला मान्यता दिली होती; जगात ती अडली, कारण ज्यांच्या श्रद्धेची किंमत द्यावी लागणार होती त्यांची संमती नव्हती. भारतात १ एप्रिल १९८९ पासून प्राप्तिकरासाठी ३१ मार्चअखेरचे एकच वर्ष सर्वांना लागू झाले. दिवाळीला खाती मिटवणाऱ्या पेढ्यांनी ते स्वीकारले. वहीपूजन मात्र दिवाळीलाच राहिले; कायद्याने त्यास हात लावला नव्हता. म्हणूनच ती सुधारणा निभावली.