पाया घालणाऱ्यांचा हिशेब

२ नोव्हेंबर २०२५ रोजी नवी मुंबईत भारतीय महिलांनी दक्षिण आफ्रिकेचा पराभव करून विश्वचषक जिंकला आणि बक्षिसांचा वर्षाव सुरू झाला. त्यात गैर काहीच नाही. परंतु ज्यांनी या खेळाचा पाया घातला त्यांच्या वाट्याला काय आले, हेही या निमित्ताने तपासले पाहिजे.

१९७३ साली पुण्यात महिलांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा झाली, तेव्हा तीत अवघे तीन संघ होते. तीन वर्षांनी, १९७६ मध्ये, मुंबईची डावखुरी फिरकी गोलंदाज डायना एडुलजी पहिला कसोटी सामना खेळली. १९७८ आणि १९९३ या दोन विश्वचषकांत ती भारताची कर्णधार होती. कसोटीत ६३ आणि एकदिवसीय सामन्यांत ४६ बळी तिने घेतले. मात्र १७ वर्षांच्या कारकिर्दीत तिला सामने मिळाले ते अवघे ५४! १९८६ ते १९९१ या काळात तर भारतीय महिला संघाला एकही आंतरराष्ट्रीय सामना लाभला नाही. ऐन उमेदीची वर्षे अशी वाया गेली, त्यांची भरपाई कोणत्याही पुरस्काराने होत नाही. १९८६ साली लॉर्ड्सच्या पॅव्हेलियनचे दार तिच्यासाठी बंद होते. तेथील क्लबने स्त्रियांना सभासदत्व देण्याचा ठराव केला तो १९९८ साली.

मग हा खेळ तगला कशाच्या बळावर? सामन्याचे मानधन नव्हते, प्रायोजक फिरकत नव्हते. खेळाडू आरक्षणाविना रेल्वेच्या डब्यातून प्रवास करीत आणि सामुदायिक निवासात मुक्काम ठोकीत. अशा अवस्थेत आधार दिला तो सार्वजनिक क्षेत्राने. एडुलजी पश्चिम रेल्वेत नोकरीला होती. इतर खेळाडूंनाही रेल्वेत नोकऱ्या मिळाव्यात यासाठी तिने चिकाटीने पाठपुरावा केला. महिन्याच्या पगाराची शाश्वती मिळताच सामान्य घरांतील मुलींना मैदानावर टिकून राहता आले आणि रेल्वेचा संघ देशात बलाढ्य ठरला. विश्वविजेत्या संघाची कर्णधार हरमनप्रीत कौर हिलाही २०१४ साली पश्चिम रेल्वेनेच नोकरी दिली होती. बाजार आला तो पीक उभे राहिल्यावर. नांगरणीच्या वेळी तो बांधावरही नव्हता.

पुरुषांचे क्रिकेट पैसा मिळवते, म्हणून त्यांना अधिक मोबदला, असा युक्तिवाद केला जातो. परंतु जो खेळ दाखवायचाच नाही, त्याला प्रेक्षक कोठून मिळणार? २००६ साली महिला क्रिकेट श्रीमंत नियामक मंडळाच्या छत्राखाली आले आणि त्यानंतर २०१४ पर्यंत भारतीय महिला एकही कसोटी खेळल्या नाहीत. ही टंचाई पैशाची नव्हती, इच्छेची होती. २०२२ मध्ये सामन्याचे मानधन समान झाले, हे स्वागतार्हच आहे. तरीही २०२४-२५ च्या वार्षिक करारात पुरुषांची सर्वोच्च श्रेणी सात कोटींची, तर महिलांची पन्नास लाखांची होती.

एडुलजीला २००२ साली पद्मश्री मिळाली आणि २०२३ मध्ये आंतरराष्ट्रीय क्रिकेट परिषदेच्या मानाच्या यादीत तिचे नाव झळकले. हा गौरव उचितच होय. परंतु खरा गौरव निराळा आहे. करारयादीबाहेरच्या, तालुक्याच्या मैदानावर खेळणाऱ्या मुलीला मैदान, प्रशिक्षण आणि पोटापाण्याची हमी मिळते की नाही, यावरच त्याची कसोटी लागेल. सार्वजनिक उद्योगांतील खेळाडूंची कायम भरती टिकवणे आणि वाढवणे हा त्याचा सरळ मार्ग आहे. कार्यकर्त्यांनी ही मागणी आपापल्या जिल्ह्यांत लावून धरली पाहिजे. विजयोत्सव एका रात्रीत सरतो. हक्क मात्र मिळवावा लागतो आणि राखावाही लागतो.