आधी वाटाड्या, मग सहल

शनिवार-रविवारी मुंबई-पुण्याहून रायगड जिल्ह्यात उतरणाऱ्या गाड्यांचा एक ठरलेला मार्ग झाला आहे. कोलाडला जायचे, कुंडलिकेत राफ्टमध्ये बसायचे, भिजायचे, जेवायचे आणि संध्याकाळी महामार्गाच्या कोंडीत अडकून घरी परतायचे. वाटेत पेण लागते, तिथे पोहे-पापड घेतले जातात. रोहे हे गाव तर बहुतेकांना रेल्वेच्या वेळापत्रकातच भेटते. कोलाडहून पुढे तळा तालुक्यात राजपुरीच्या खाडीवर कुड्याची 26 बौद्ध लेणी आहेत आणि पेण, हमरापूर, जोहे या गावांत वर्षाचे बाराही महिने गणपती घडत असतात. पण त्या गाडीतल्या माणसांना यातले काही दिसत नाही. पाणी, लेणी आणि मूर्तिकाम या तिन्ही गोष्टी एका दिवसात नीट पाहता येतील अशी सहल या भागात उभी राहणे शक्य आहे आणि ती व्हायला हवी. मात्र तिची सुरुवात रिसॉर्टपासून, पाटीपासून किंवा सेल्फी पॉइंटपासून करून चालणार नाही. ती प्रशिक्षित, स्थानिक आणि जबाबदार वाटाड्यापासून व्हायला हवी. तो नसेल तर ही सहल तीन थांब्यांची नुसती धावपळ ठरेल.

जगात अशी सहल कुठे रुळली आहे हे पाहायचे तर मेक्सिकोतल्या युकातान प्रांताकडे बघावे. सकाळी चिचेन इत्झासारख्या माया संस्कृतीच्या उद्ध्वस्त नगरीत हिंडायचे, वाटेत विणकाम-लाकूडकाम करणाऱ्यांकडे थांबायचे आणि दुपारी सेनोते म्हणजे चुनखडीच्या खडकात खचून तयार झालेल्या नैसर्गिक डोहात पोहायचे, हा तिथला नेहमीचा दिवसाचा कार्यक्रम. वरवर पाहता ही खिचडी वाटते. पण युकातानच्या उत्तर भागात जमिनीवरून वाहणाऱ्या नद्या जवळपास नाहीतच. पाणी मिळते ते या डोहांतून, त्यामुळे नगरे त्यांच्या आधाराने वसली. चिचेन इत्झाच्या मोठ्या डोहात तर देवाला वाहिलेल्या वस्तू सापडल्या आहेत. तेव्हा अवशेष आणि पोहणे यांचा तिथे आतून संबंध आहे, तो सांगणारा माणूस तेवढा सोबत हवा. सांगणारा नसेल तिथे काय होते तेही युकातानच दाखवते. कानकुनहून निघालेल्या बसगाड्या एकाच वेळी येऊन थडकतात, माहिती देणाऱ्यापेक्षा कमिशनच्या दुकानात नेणारा पुढे होतो आणि डोहात उडी मारून माणूस परत जातो. रचना तीच, पण तिचे काय होणार हे मधला माणूस ठरवतो.

आपल्याकडेही या तिन्ही गोष्टींना जोडणारा धागा पाण्याचाच आहे. कोलाडची कुंडलिका घ्या. ऐन मे महिन्यात, कोकणातल्या बाकी नद्यांचे दगड उघडे पडलेले असताना या नदीत राफ्ट चालते, कारण ते पाणी तिथल्या पावसाचे नाही. घाटावर मुळशीला अडवलेले, एरवी पूर्वेकडे भीमेत आणि पुढे कृष्णेत गेले असते असे पाणी टाटांच्या जलविद्युत प्रकल्पाने पश्चिमेला वळवले. ते सुमारे 500 मीटर खाली भिऱ्याच्या वीजकेंद्रात उतरते आणि वीज तयार करून कुंडलिकेला मिळते. भिऱ्याचे केंद्र 1927 सालचे. ज्या धरणामुळे हे घडले त्याच्याविरुद्ध सेनापती बापटांच्या नेतृत्वाखाली मुळशीच्या शेतकऱ्यांनी 1921 ते 1924 या काळात सत्याग्रह केला होता. राफ्टमध्ये बसणाऱ्याला हे कोणी सांगत नाही. त्याला हेल्मेट मिळते, लाइफ जॅकेट मिळते, वल्हे कसे मारायचे ते कळते. आपण कोणाच्या बुडालेल्या जमिनीवरून आलेल्या पाण्यात डुंबतो आहोत हे कळत नाही. दुसरी बाब सुरक्षिततेची. हे पाणी साधारण सकाळी सोडतात आणि मग पात्र बघता बघता भरते. सोडण्याची वेळ वीजनिर्मितीवर अवलंबून असते. निर्मिती नसेल त्या दिवशी राफ्ट काठावरच राहते. म्हणजे दिवसाचे वेळापत्रक पर्यटकाच्या सोयीने आखता येत नाही, आधी भिऱ्याची वेळ पाहावी लागते. गुडघाभर पाणी बघून मुलांना घेऊन पात्रात उतरणाऱ्याला ते ठाऊक नसते. काठावर वाढलेल्या माणसाला असते.

सकाळ पाण्यात गेली की दुपार कुड्यासाठी उरते. ही लेणी केंद्रीय पुरातत्त्व खात्याच्या संरक्षणाखाली आहेत. इसवी सनाच्या पहिल्या काही शतकांत ती खोदली गेली आणि पाचव्या-सहाव्या शतकाच्या सुमारास त्यांतल्या काहींत बुद्धमूर्ती कोरल्या गेल्या. अजिंठा-वेरूळ पाहिलेल्याला ती साधी वाटतील, आणि नुसती बघून परतणारा ‘चारदोन गुहा आहेत’ असेच सांगेल. कुड्याची श्रीमंती तिथल्या ब्राह्मी लेखांत आहे. एका लेखात महाभोज मांदव खंदपालित या सत्ताधीशाचा लेखक, म्हणजे दफ्तरातला कारभारी, शिवभूती लेणे दान देतो. दुसऱ्या लेण्यात त्याचा धाकटा भाऊ, भावाची बायको आणि मुलगे-मुली यांनी कोरीवकाम आणि खांब दिल्याचे नोंदले आहे. खांब मुलींच्या नावावर आहेत. आणखी लेखांत एक माळी आहे, एक वैद्य आहे, व्यापारी तांड्याचा एक नायक आहे आणि करहाकडचा, म्हणजे आजच्या कऱ्हाडचा, लोखंडाचा व्यापारी आहे. कऱ्हाडचा लोखंडवाला सह्याद्री उतरून या खाडीवर का आला असेल? कारण खाडीच्या तोंडाशी समुद्र होता आणि पलीकडे बाजार होता. शेजारचे मांदाड हे प्राचीन बंदर होते. ग्रीक-रोमन लेखकांनी उल्लेखलेले मंदगोर ते हेच, असे अनेक अभ्यासक मानतात. हे लेख डोळ्यांसमोर असूनही वाचता येत नाहीत, ब्राह्मी किती जणांना येते? ओळीवर बोट ठेवून ‘हा माळी, हा कऱ्हाडकर’ असे कोणी दाखवले की खडकातली ती अक्षरे एका गजबजलेल्या गावाची हजेरी होतात.

परतीच्या वाटेवर पेण. इथल्या मूर्तिकामाला एकोणिसाव्या शतकापासूनची परंपरा आहे आणि आज पेण शहराबरोबर हमरापूर-जोहे पट्ट्यातली घरेच्या घरे या कामात आहेत. कारखान्यात शिरले की आधी दिसतात त्या बिनरंगाच्या, डोळे नसलेल्या मूर्तींच्या रांगा. साच्यातून काढलेला गणपती वाळवायचा, सांधे बुजवायचे, घासून गुळगुळीत करायचा, मग अंगाचा रंग, सोवळे, दागिने आणि शेवटी डोळ्यांची आखणी. आखणी करणारा हात वेगळा असतो आणि पेणच्या मूर्तीचे नाव त्या हातावर आहे. बुबुळ गवताच्या काडीइतके सरकले तरी नजर बदलते. या धंद्यावर सध्या अनिश्चितता आहे. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या 2020 च्या मार्गदर्शक सूचनांनी प्लास्टर ऑफ पॅरिसच्या मूर्तींना मनाई केली. 2025 च्या जानेवारीत मुंबई उच्च न्यायालयाने तिची काटेकोर अंमलबजावणी करायला सांगितले. जूनमध्ये मूर्ती घडवायला वाट मोकळी झाली, पण नैसर्गिक जलस्रोतांत त्यांचे विसर्जन करायला नाही. शाडूकडे वळा, हे सांगणे सोपे आहे. शाडू सावकाश वाळतो, तडकतो, जड असतो, प्रवासात जपावा लागतो, म्हणून तो महाग पडतो. ही महागाई ग्राहकाच्या गळी उतरवायची तर एकदा त्याचे हात शाडूत बुडायला हवेत. सहलीचे पैसे मूर्तिकाराचा हंगाम भरून काढतील असा दावा कोणी करू नये. पण चिकणमातीचा गोळा हाताळून, त्याला तडा गेलेला पाहून गेलेला माणूस पुढच्या भाद्रपदात शाडूच्या मूर्तीची किंमत ऐकून नाक मुरडणार नाही, हा फायदा लहान नाही.

यावर पहिला आक्षेप येईल तो उथळपणाचा. लेण्यांना एक दिवस द्यावा, पेणला दुसरा. तिन्ही एका दिवसात कोंबले तर कशालाच न्याय मिळणार नाही. अभ्यासकासाठी हे खरे आहे. पण सहलीला येणारा माणूस अभ्यासक नसतो आणि त्याच्याकडे सुट्टीचा एकच दिवस असतो. त्याच्यापुढचा पर्याय ‘कुड्याला पूर्ण दिवस’ हा नसून ‘कुडे मुळीच नाही’ हा आहे. एका दिवसात तास-दीड तास नीट समजावून पाहिलेले लेणे हे कधीच न पाहिलेल्या लेण्यापेक्षा बरे, आणि ज्याला गोडी लागेल तो पुन्हा येईल, अवचितगड-घोसाळगड हे जवळचे किल्लेही चढेल. अट एवढीच की थांबे तीनच ठेवावेत. चौथे देऊळ, पाचवा किल्ला, सहावा बीच असे वाढवत नेले की आक्षेप खरा ठरतो.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. गर्दीने लेणी खराब होतील आणि कारागीर तमाशातला प्राणी होईल. ही भीती रास्त आहे, पण तिचा रोख नियोजनशून्य गर्दीकडे असायला हवा. संरक्षित स्मारकाभोवतीच्या 100 मीटरमध्ये नव्या बांधकामाला कायद्याने मनाई आहे आणि त्यापुढच्या 200 मीटरवर नियंत्रण आहे. तेव्हा चहा, जेवण, स्वच्छतागृहे या सोयी गावातच उभ्या राहाव्यात. पैसाही गावातच थांबेल. कारखान्याच्या बाबतीत हंगाम महत्त्वाचा. आषाढ-श्रावणात मूर्तिकाराला मान वर करायला फुरसत नसते, त्या काळात त्याच्या दारात बस नेणे हा जुलूम आहे. दिवाळी ते होळी या महिन्यांत मात्र काम चालू असते आणि घाई नसते. तेव्हा वीसएक माणसांची तुकडी, मूर्तिकाराच्या वेळेचे ठरलेले आणि आधी दिलेले मानधन, आणि खरेदीची सक्ती नाही, एवढे पाळले तर कोणाचा तमाशा होत नाही. मूर्तिकार त्या तासापुरता शिक्षक असतो आणि शिक्षकाला पगार द्यायचा असतो.

हाच हंगामाचा मुद्दा सुरक्षिततेलाही लागू होतो, आणि माझ्या दृष्टीने तो या सहलीच्या बाजूने सर्वांत मोठा पुरावा आहे. आज रायगडात पाण्याच्या ओढीने येणारी गर्दी पावसाळ्यात येते आणि धबधब्यांवर जाते. भिऱ्याजवळच्या देवकुंडावर माणसे बुडतात, 2024 च्या जुलैत माणगावच्या कुंभे धबधब्याच्या दरीत पडून एका तरुणीचा जीव गेला, आणि दरवर्षी प्रशासनाला बंदीचे आदेश काढावे लागतात. बंदीने काही जीव वाचतात, पण ओढ संपत नाही. ती बंदी नसलेल्या पुढच्या धबधब्याकडे वळते. कुंडलिकेचे पाणी मात्र हिवाळ्यातही असते, तिथे जॅकेट घालून, माणसे मोजून उतरता येते. पाण्यात खेळण्याची सुरक्षित जागा आणि सुरक्षित ऋतू दाखवणे हे बंदीच्या जोडीला करण्याचे काम आहे. मात्र जागा नेमकी सांगावी लागेल. धाटावच्या रासायनिक औद्योगिक वसाहतीच्या खालचे कुंडलिकेचे पात्र पोहण्याचे नव्हे. वरचे आणि खालचे पाणी यांत फरक आहे, हेही वाटाड्यानेच सांगायचे आणि पर्यटकांनी विचारायचे. त्या प्रश्नाने नदीच्या शुद्धीकरणाला झाला तर फायदाच होईल.

तिसरा आक्षेप व्यवहाराचा. वाटाड्याला परवाना लागला की परवान्यांचा बाजार येतो, वाटाड्यांची मक्तेदारी होते आणि सहल महागते. शिवाय मुंबई-गोवा महामार्गाचे काय? पळस्पे ते इंदापूर हा 84 किलोमीटरचा टप्पा किती वर्षे रखडला ते कोकणी माणसाला सांगायला नको. रस्त्याचे उत्तर काही अंशी रुळांवर आहे. पेण आणि रोहे दोन्ही रेल्वेवर आहेत. स्टेशनावर उतरणाऱ्या तुकडीला स्थानिक टमटम किंवा मिनीबस मिळाली तर महामार्गावरच्या गाड्या कमी होतील आणि भाडे तालुक्यात राहील. परवान्याचे म्हणाल तर तो आजही आहे. साहसी पर्यटनासाठी राज्याने 2021 मध्ये धोरण केले, त्यात नोंदणी आणि सुरक्षेचे नियम आहेत. राफ्ट चालवणाऱ्याला नियम आहेत, तसे या सहलीत लेणी दाखवणाऱ्यालाही हवेत. मक्तेदारी टाळायची तर परीक्षा खुली ठेवावी, ती मराठीतून घ्यावी, वयाची आणि पदवीची अट कमी ठेवावी आणि दर फलकावर लिहावेत. काठावरच्या आदिवासी वाड्यांतला तरुण, मूर्तिकाराची मुलगी, मांदाडचा कोळी, यांना नदी, माती आणि खाडी पदवीशिवाय ठाऊक असते. त्यांना शिकवायचे आहे ते लेखांचे वाचन, प्रथमोपचार आणि लोकांशी बोलणे.

म्हणून मागणी मोठी नाही. जिल्हा प्रशासन, पर्यटन विभाग आणि पेण, रोहे, तळा या तीन तालुक्यांच्या पंचायत समित्यांनी मिळून येत्या दिवाळीनंतरच्या एका हंगामासाठी थोड्या वाटाड्यांना शिकवावे. पुरातत्त्व खात्याने लेखांचे मराठी वाचन त्यांच्या हाती द्यावे. वीजकेंद्राने पाणी सोडण्याची वेळ आदल्या दिवशी कळवावी. सहलीच्या दरातला ठरावीक हिस्सा कुड्याच्या ग्रामपंचायतीला आणि मूर्तिकाराला जावा आणि हंगामाच्या शेवटी हिशेब जाहीर व्हावा. या खर्चात एक स्वागतकमानही उभी राहणार नाही. नेमके त्यामुळेच ही योजना मागे पडण्याची भीती आहे, कारण कमानीचे उद्घाटन करता येते, शिकलेल्या माणसाचे करता येत नाही. पण कुड्याच्या खडकावर ज्यांची नावे टिकली त्यांत माळी, वैद्य आणि व्यापारीही आहेत. या प्रदेशाचे मोठेपण अशा साध्या धंद्याच्या माणसांनी उभे केले. आजच्या पर्यटनालाही त्याच माणसांपासून सुरुवात करावी लागेल.