जार फाइलची कागदी प्रत आणू कुठून?

परवा एक मित्र म्हणाला, "जुने मोबाइल गेम कशाला जपायचे? नवी आवृत्ती येतेच की!" डोकंच फिरलं.

२००९ चा 'अँग्री बर्ड्स' घ्या. कंपनीने २०१९ मध्ये तो काढला, लोक ओरडले म्हणून २०२२ मध्ये नव्याने बांधून विकायला ठेवला, २०२३ मध्ये प्ले स्टोअरवरून परत गायब! आता पैसे द्यायला तयार असणाऱ्याने काय करायचं?

आमच्या कुंभार पिंपळगावात मोबाइलच्या दुकानात मेमरी कार्डावर जार फाइली भरून मिळायच्या. चोरीच ती, मान्य. पण १९९९ मध्ये मुंबईत सुरू झालेल्या इंडियागेम्सचे कीपॅडवाले क्रिकेट गेम आज अधिकृतपणे विकत घेऊन दाखवा. सापडले तर अशाच एखाद्या कार्डात सापडतील. चालवायला जे२एमई लोडर आहे.

"हे काम ग्रंथालयांचं" म्हणे. बरं. कॉपीराइट कायद्याचं कलम ५२ वाचलंय? २०१२ च्या दुरुस्तीनंतर सार्वजनिक ग्रंथालयाला जतनासाठी डिजिटल प्रत ठेवता येते, पण त्याच्याकडे त्या कृतीची डिजिटल नसलेली प्रत आधीच हवी. पुस्तकांसाठी ठीक. गेमचं काय? तो जन्मालाच डिजिटल येतो राव! ही अट आधी काढा, मग आम्हाला चोर म्हणा.

असो. माझं जुनं कार्ड अजून वाचलं जातंय. आज दुपारी त्याच्या दोन प्रती काढतोय.