मूर्तिजापूरचा खाँसाहेब आणि आपल्या गावचं विद्यापीठ

टीव्हीवर गाण्याची स्पर्धा लागली की एखादं पोट्टं 'कट्यार काळजात घुसली'मधलं पद म्हणतंच. परीक्षक उभे राहतात, घरोघरी वाहवा होते. पण हे नाटक आपलं हाये, हे वऱ्हाडात किती जणांना ठाऊक आहे?

लिहिलं नागपूरच्या पुरुषोत्तम दारव्हेकर मास्तरांनी. खाँसाहेब आफताब हुसेन उभा केला वसंतराव देशपांड्यांनी. जन्म १९२०, आपल्या अकोला जिल्ह्यातलं मूर्तिजापूर. गाण्याची सुरुवात नागपुरात, शंकरराव सप्रे गुरुजींकडे. १९३५ मध्ये भालजी पेंढारकरांच्या 'कालियामर्दन' सिनेमात हे लेकरू कृष्ण झालं होतं. गळा होता, अभिनय होता. तरी पुढं चाळिशी उलटेपर्यंत लष्कराच्या हिशेब खात्यात नोकरीच करावी लागली. 'कट्यार' रंगमंचावर आलं डिसेंबर १९६७ मध्ये. तेव्हा वसंतराव ४७ वर्षांचे होते.

आणि नाटक उभं केलं कोणी? मुंबईच्या नाट्यसंपदेनं. लेखक आपला, गायक आपला, मंच मात्र त्यांचा. यात मुंबईचा दोष नाही. त्यांनी केलं, आपण केलं नाही.

टीव्हीलाही मी नावं ठेवत नाही. २०१५ च्या 'कट्यार' सिनेमातल्या गाण्यासाठी महेश काळे यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, मग ते 'सूर नवा ध्यास नवा'चे परीक्षक झाले. त्यामुळं शास्त्रीय गाणं खेड्यातल्या घरात पोचलं, हे मान्यच. पण स्पर्धेत गाणं तीन-चार मिनिटांचं असतं. संगीत नाटकात त्या माणसाचा राग, अहंकार, हार घेऊन तीन तास उभं राहावं लागतं, आणि त्यातूनच सूर निघावा लागतो. ते स्पर्धेत शिकायला मिळत नाही. स्पर्धा संपली की पोरगं गावी परत येतं. मग काय? वाढदिवसाचे कार्यक्रम अन् ऑर्केस्ट्रा.

आता आपल्या रिद्धपुरात मराठी भाषा विद्यापीठ झालं आहे. महदंबेनं गोविंदप्रभूंच्या विवाहासाठी धवळे रचले ते इथंच, आणि ते गाण्यासाठी रचले होते. म्हणजे या गावची मराठी फक्त पोथीतली नाही, गळ्यातली पण आहे. मग इथं गायन आणि अभिनय एकत्र शिकवणारा अभ्यासक्रम काऊन नको? दरवर्षी विद्यार्थ्यांनी एक संगीत नाटक बसवावं. पहिला प्रयोग रिद्धपुरात, मग अमरावती, अकोला, आणि मूर्तिजापूरला तर नक्कीच. पेटी-तबला वाजवणारे आपल्या गावोगावच्या भजनी मंडळांत बसलेच आहेत.

पुतळा, कमान, चौकाला नाव हे सगळं नंतर करता येईल. वऱ्हाडातल्या गाणाऱ्या पोरापोरींना मंचासाठी वयाच्या ४७ व्या वर्षापर्यंत थांबावं लागू नये, एवढंच मागणं आहे. पटत असेल तर आपल्या आमदारांपर्यंत, विद्यापीठापर्यंत हे पोचवा. पटत नसेल तर खाली लिहा, बोलू.